चैत्र घरी नाही

सोमणबाई माझ्या प्रेसमध्ये आल्या की आधी पंख्याखालची खुर्ची ओढायच्या, पदर खोचायच्या आणि टेबलावर हाताला लागेल ते प्रूफ उचलायच्या. मी म्हणायचो, "बाई, ते तपासून झालंय." की लगेच चष्म्यावरून माझ्याकडे बघत, "कशावरून?"

आता तपासून झालंय म्हणजे झालंय, त्यात कशावरून काय डोंबल! पण बाईंना तसं चालायचं नाही. मी सांगायचो, दिनेशने तपासलंय. दिनेश म्हणजे आमचा ऑपरेटर. "तू बघितलंस त्याला तपासताना?" नाही, त्याने सांगितलं. "म्हणजे शब्दावर विसंबलास. हरकत नाही. पण दिनेश विसंबण्यासारखा आहे का?" इथे दिनेश कॉम्प्युटरमागे मान खाली घालायचा. मग बाई पेन्सिलने लग्नाची तारीख आणि वार जुळत नाहीत ते दाखवायच्या, आणि मी दिनेशला चार शिव्या हासडून चहा सांगायचो. बाईंना चहा लागायचा बशीतून. एवढ्या शिकलेल्या बाई, पण कपाने पिताना मी त्यांना कधी बघितलं नाही.

पनवेलच्या कॉलेजात त्या तत्त्वज्ञान शिकवायच्या. मी नेऱ्याचा भगत, आगऱ्याचा पोर. तत्त्वज्ञान घेतलं ते एवढ्याचसाठी की त्या वर्गात पोरं कमी आणि हजेरीची कटकट कमी असं कुणीतरी सांगितलं होतं. सांगणारा विसंबण्यासारखा नव्हता. बाई हजेरी घ्यायच्या आणि वर "हजर" म्हणणाऱ्याला "कशावरून?" विचारायच्या. एकदा माझा मित्र वैतागून म्हणाला, "बाई, दिसतोय की समोर!" तर त्या खूश झाल्या. म्हणाल्या, "हं, प्रत्यक्ष! हे पहिलं प्रमाण. चला, आज इथूनच सुरुवात करू."

त्यांचा जीव सगळा हजार-आठशे वर्षांपूर्वीच्या पंडितांत. एखाद्या गोष्टीची खात्री कशी करायची, आणि मुळात खात्री होते तरी का, यावर ही मंडळी पिढ्यान्‌पिढ्या भांडली, आणि बाई ती भांडणं भाऊबंदकी सांगावी तशी सांगायच्या. "मीमांसक म्हणजे दारात आलेल्या पाहुण्याला आधी आत घेणारे. काही चोरीला गेलं तर मग बघू. झालेलं ज्ञान खरंच धरायचं, खोटं ठरेपर्यंत. आणि नैयायिक? ते दारातच आधारकार्ड मागणार." वर्ग हसायचा. मग तिसऱ्यांची गोष्ट यायची, सगळी प्रमाणंच मोडीत काढणाऱ्यांची. त्यांच्यावरही बाईंचं प्रेम होतं. बगदादच्या एका मोठ्या मौलवींबद्दल सांगायच्या, की त्यांच्या मनात संशय असा शिरला की शिकवायला उभं राहिलं तर तोंडातून शब्द फुटेना. "बिचारे," म्हणायच्या. खरंच हळहळायच्या हो, शेजारच्या गल्लीतलं कुणी आजारी असावं तशा.

आणि मग म्हणायच्या, "पण संशयालाही एक हद्द आहे. तुमचं वागणंच तुमच्या संशयाला खोटं पाडतं तिथे तो संपला. अन्नाने पोट भरतं का याबद्दल मला शंका आहे म्हणणारा पंडित दुपारी पाटावर बसतोच. माणसाला काय वाटतं ते त्याच्या तोंडून ऐकू नका, तो काय करतो ते बघा."

मी दुसऱ्या वर्षाला असताना त्यांचे मिस्टर नाहीसे झाले.

मोहनराव रसायनीकडे एका कारखान्यात नोकरीला होते. शांत माणूस. रविवारी सकाळी स्कूटर काढून नेऱ्याला यायचे, आमच्या गावच्या बायका रस्त्याला बसतात त्यांच्याकडून ताजी भाजी घ्यायला. त्या रविवारीही आले. आमच्या चुलतीनेच त्यांना दुधी आणि माठाची जुडी दिली. मग स्कूटर रस्त्याच्या कडेला झाडाखाली स्टँडवर लावलेली, हँडलला भाजीची पिशवी, आणि माणूस नाही. घरात भांडण नाही, नोकरीत लफडं नाही, आजार नाही. आमच्या बापाने, गावातल्या पोरांनी, डोंगरातल्या कातकऱ्यांनी रान पालथं घातलं. विहिरी बघितल्या, नदी बघितली. पोलीस आले, कुत्रा आला. त्या कुत्र्याने स्कूटरभोवती दोन फेऱ्या मारल्या आणि बसला. माझा बाप घरी येऊन म्हणाला, "वाघ नाय, पानी नाय, मंग मानूस गेला कुठं?" आजही मला या प्रश्नाचं उत्तर माहीत नाही. कुणालाच नाही.

बाई थोड्याच दिवसांत कॉलेजात परत आल्या. आम्हाला वाटलं होतं, आता वर्षभर दुसरंच कोणीतरी शिकवणार. त्या आल्या, हजेरी घेतली आणि राहिलेल्या धड्यापासून पुढे निघाल्या. आणि नशीब बघा कसं मेलं, पुढचा धडा होता चैत्राचा.

हा चैत्र म्हणजे त्या जुन्या पंडितांचा ठरलेला उदाहरणातला माणूस. जिवंत चैत्र घरी नाही, म्हणून तो बाहेर आहे. बस, एवढंच. बाहेर असलेला त्याला कुणी बघितलेला नाही, पण तसं धरल्याशिवाय गणित जुळत नाही, म्हणून तेही ज्ञानच. बाईंनी फळ्यावर लिहिलं, "जिवंत चैत्र घरी नाही," आणि नेहमीसारखं वळून आमच्याकडून उरलेलं वाक्य मागितलं. पोरं वह्यांची पानं उलटायला लागली. मी बाकाकडे बघत बसलो. "झोपलात काय रे?" बाई म्हणाल्या. "म्हणून तो बाहेर आहे." तेवढ्यात पहिल्या बाकावरच्या एका शहाण्या पोरीने हात वर केला, "बाई, पण तो जिवंत आहे हे कशावरून?"

अस्सा राग आला मला त्या पोरीचा! बाईंनी खडू खाली ठेवला, हात झटकले. "चांगला प्रश्न आहे," म्हणाल्या. "नैयायिकांनी हाच विचारला." आणि तास संपेपर्यंत दोन्ही बाजू मांडल्या, आवाज जरासुद्धा न हलवता. शेवटी म्हणाल्या, "एखादी वस्तू नाही, हे कळायलाही अट आहे. खोलीत घडा नाही असं केव्हा म्हणता येतं? दिवा लावलेला असेल तर. अंधारात दिसला नाही म्हणून नाही म्हणू नये."

पुढे मी काठावर पास झालो आणि पनवेलला प्रेस टाकली. मोबाईलवर पत्रिका पाठवायचे दिवस आले तरी आमच्या आगरी लोकांना छापील पत्रिका लागतेच, आणि त्यात निमंत्रकांची ही लांबलचक यादी. एक नाव राहिलं तर तो काका मांडवात पाय ठेवणार नाही. बाई नात्यातल्या एका कार्याची पत्रिका छापायला म्हणून एकदा आल्या, टेबलावरची असली एक यादी बघून हरखल्या आणि मग येतच राहिल्या. रिटायर झाल्यावर तर रोजच. मी पैशाचं विचारलं तर म्हणाल्या, "मला वाचायला मिळतंय. तू गप चहा सांग."

एकदा कोन गावच्या एका पत्रिकेत आम्ही घोळ घातला. त्या घरातल्या एका पुतण्याने नावं फोनवर सांगितली. वरचे दोन आजोबा कैलासवासी, म्हणून दिनेशने तिसऱ्यालाही "कै." ठोकून दिलं. दुसऱ्या दिवशी ते तिसरे नामाकाका पत्रिका हलवत प्रेसमध्ये हजर. "आरं भगता, बग मना नीट! मी जित्ता हाय का मेलेला हाय?" मी पाय धरायच्या तयारीत. बाई पंख्याखालून म्हणाल्या, "काका, बसा. तुम्ही जिवंत आहात हे कशावरून?"

मला वाटलं, आता म्हातारा टेबल उलटणार. त्याने बाईंकडे बघितलं, दम घेतला आणि म्हणाला, "कशावरून? सकाली भाकर खाल्ली, त्यावरून!"

"शाबास! उत्तर पसंत आहे," बाई म्हणाल्या आणि स्वतःचा चहा त्यांच्यापुढे सरकवला. काका बशी तोंडाला लावत म्हणाला, "पन बाय, आता छापलाच हाय तर बगूया तरी, दहाव्याला कोन कोन येतंय." बाई एवढ्या हसल्या की डोळे पुसायला लागले. काका गेल्यावर मात्र पत्रिका हातात धरून बसल्या. "एवढंसं अक्षर पुढे लावलं की झालं," म्हणाल्या. "किती सोपं आहे रे, भगत." मी विषय बदलला.

नवऱ्याबद्दल त्या बोलायच्याच नाहीत. गेले म्हणत नसत, आहेत म्हणत नसत. गळ्यात मंगळसूत्र होतं, पण हळदीकुंकवाला कुणी बोलावलं तर जायच्या नाहीत. "माझ्यामुळे तुमची पंचाईत नको," असं तोंडावर सांगायच्या. सोसायटीतल्या बायका हळहळायच्या, नातेवाईक उपदेश करायचे. कायद्याने सात वर्षं झाली, शास्त्राने बारा झाली, आता तरी मोकळ्या व्हा म्हणायचे. बाईंचं उत्तर एकच, "मला माहीत नाही. जे माहीत नाही ते मी माहीत आहे असं म्हणणार नाही." मला त्यांचं फार कौतुक वाटायचं. वाटायचं, काय बाई आहे! एवढा संशय उरावर घेऊन ताठ उभी आहे.

मग गौरीचं लग्न ठरलं. गौरी त्यांची एकुलती एक. बाप नाहीसा झाला तेव्हा शाळेत होती, आता नोकरी करते, मुलगा तिच्याच ऑफिसातला. पत्रिका आमच्याकडेच, हे काय सांगायला हवं? दोघी मायलेकी एका दुपारी आल्या. मजकूर गौरीने मोबाईलवर लिहून आणला होता. मी मोठ्याने वाचत होतो आणि वाचता वाचता थांबलो. लिहिलं होतं, कै. मोहन सोमण यांची कन्या.

बाई म्हणाल्या, "गौरी, हे कशावरून?"

"आई, प्लीज."

"मी विचारते आहे. काही कळलंय का तुला?"

"काही कळलेलं नाही आणि कळणार नाही," गौरी म्हणाली. "आई, मी दमलेय. मी स्टेशनवर उभी राहते ना, तर समोरच्या प्लॅटफॉर्मवरच्या प्रत्येक पुरुषाचं तोंड बघते. प्रत्येकाचं! टक्कल असलं तर जरा जास्त वेळ बघते, कारण आता बाबांना टक्कल पडलं असेल. ऑफिसात नवीन माणूस आला की बघते. देवळाबाहेर भिकारी बसलेले असतात त्यांच्यात बघते. माझ्या लग्नात मी काय करणार आहे माहितेय? अक्षता पडताना दरवाजाकडे बघणार आहे. मला ते नकोय."

दिनेश गुपचूप बाहेर निघून गेला. मलाही जायचं होतं, पण टेबल अडवून गौरीच उभी होती.

"पण खरं काय ते कळल्याशिवाय..." बाई म्हणाल्या.

"तू तरी कुठे खरं बोलतेस? मला माहीत नाही, मला माहीत नाही म्हणतेस सगळ्यांना. मग घरातला लँडलाइन का ठेवलायस? कोण फोन करतं त्यावर? ते कर्जाचे फोनवाले सोडून? मामा एवढं म्हणतोय ठाण्याला ये, ती जागा तू का सोडत नाहीस? त्यांच्या चपला दर दिवाळीला पुसून ठेवतेस. तूच शिकवायचीस ना, माणूस बोलतो ते ऐकू नका, वागतो ते बघा? मी बघितलंय, आई. लहानपणापासून बघतेय. तुला संशयबिंशय काही नाही. तुझी खात्री आहे. तू त्यांना जिवंत धरलंयस आणि मलाही धरायला लावलंस."

बाईंनी माझ्या हातातून मोबाईल घेतला. त्यावरचा मजकूर त्या परत परत वाचत राहिल्या, जणू त्यात अजून एखादी चूक सापडेल. मग उठल्या आणि "छापायचं थांब" एवढंच मला सांगून निघून गेल्या. चहा तसाच राहिला.

आठवडाभर बाई फिरकल्या नाहीत. आल्या तेव्हा डोळे सुजलेले, पण चाल नेहमीची तरतरीत. खुर्ची ओढली आणि सांगायला लागल्या. नाहीशा झालेल्या माणसाचा एक विधी असतो, पालाशविधी. पळसाच्या देठांचा माणूस करायचा, डोक्याच्या जागी नारळ ठेवायचा आणि त्याला रीतसर अग्नी द्यायचा. हे मलाही ऐकून माहीत होतं. बाईंनी मात्र जुने धर्मग्रंथ काढून मुळापासून वाचलं होतं.

"भगत, त्यात पुढे काय आहे माहितेय? समजा विधी झाला, आणि माणूस परत आला. तर काय करायचं तेही लिहून ठेवलंय! त्याला तुपाने न्हाऊ घालायचं. मग बाळाचे करतात ते सगळे संस्कार नव्याने करायचे, बारशापासून. आणि त्याचं त्याच्याच बायकोशी परत लग्न लावायचं."

मी हातातलं प्रूफ खाली ठेवलं.

"म्हणजे ज्यांनी हा विधी सांगितला त्यांनाही खात्री नव्हती रे. मी आपली इतकी वर्षं समजत होते की अग्नी दिला म्हणजे मेले असं म्हटलं. तसं नाहीये ते. त्यांना माहीत होतं आपल्याला माहीत नाही. पण मागे राहिलेल्यांनी जगायचं कसं? पाऊस येईल याची खात्री झाल्यावर का कुणी पेरतं? तुम्ही शेतकरी लोक, तुला सांगायला नको." मग थोडं थांबून म्हणाल्या, "खरं तर मी हे वाचलेलं होतं. फार पूर्वी. तेव्हा हसले होते."

लग्नाला अजून अवकाश होता, त्यामुळे सुतकाची अडचण नव्हती. आपटा गावाला, पाताळगंगा नदीच्या काठी विधी करायचं ठरलं. गाडी माझी, म्हणून मीही गेलो. बाईंचा भाऊ, गौरी, गुरुजी आणि मी. बाई गाडीत बसताना मी बघितलं, गळ्यात मंगळसूत्र नव्हतं. कुणी सांगायच्या आत त्यांनी स्वतःच घरी काढून ठेवलं होतं. मी उगाच आरसा पुसत बसलो.

गुरुजींनी देठ मांडले. हात, पाय, छाती. नारळ ठेवला. खरं सांगतो, बघणाऱ्याला हसू यावं असा तो माणूस होता, आणि आमच्यापैकी कुणाला हसू आलं नाही. अग्नी गौरी देणार होती, तिचाच हट्ट होता. गुरुजींनी तिच्या हातात पेटता पलिता दिला आणि ती तिथेच थिजली. "आई," म्हणाली, "आई, मला नाही जमत. आपण घरी जाऊ. ते कुठेतरी असतील. आई, ते खरंच कुठेतरी असतील ना गं?"

मामा पुढे झाला, त्याला बाईंनी हातानेच थांबवलं. गौरीच्या मागे जाऊन उभ्या राहिल्या, तिच्या मनगटावर आपला हात ठेवला.

"असतील," म्हणाल्या. "पण तू लाव. आलेच तर मी आहे. आधी दोन शब्द सुनावीन, मग तुपाची आंघोळ घालीन."

गौरी रडता रडता हसली आणि त्या हसण्यातच दोघींनी मिळून अग्नी लावला. पळस भराभर पेटला. नारळ फुटला तेव्हा गौरी आईच्या कुशीत शिरून ओक्साबोक्शी रडली, इतकी वर्षं साठवलेलं सगळं रडली. बाई तिच्या पाठीवरून हात फिरवत होत्या. त्यांचे डोळे कोरडे होते.

नदीत आंघोळी उरकल्या. गुरुजींनी बजावलं, आता सरळ गाडीकडे चला, मागे वळून बघायचं नाही. आम्ही निघालो. गौरी सगळ्यांच्या पुढे. काठावरून पायवाट वर रस्त्याला लागते, तिथे चार-सहा माणसं रिक्षाची वाट बघत उभी होती. ती त्यांच्या जवळून गेली, मोकळे केस पिळत, आणि तिने एकाकडेही मान वर करून बघितलं नाही. सरळ गाडीत जाऊन बसली. माझ्या लक्षात आलं, आणि बाईंच्याही आलं असणार, कारण त्या एकदम थांबल्या.

आणि मागे वळल्या. चांगल्या पूर्ण वळल्या. विझत आलेल्या राखेकडे नाही, तर पलीकडच्या काठावर, झाडीत, पुलावरून येणाऱ्या-जाणाऱ्या माणसांकडे, एकेकाकडे नीट बघत उभ्या राहिल्या.

मी हळूच म्हणालो, "बाई, मागे बघायचं नसतं."

"माहितेय मला," त्या म्हणाल्या. "तिने बघायचं नाही. तिचं बघायचं संपलं. आता तिच्या वाटचंही मीच बघीन."

वर गाडीतून गौरीने हाक मारली, "आई, चल ना, उशीर होतोय!" "आले गं, आले," बाई ओरडल्या, आणि पुलावरून एक माणूस सायकल हातात धरून चालत येत होता, तो पूर्ण ह्या काठाला येईपर्यंत तिथेच उभ्या राहिल्या.